मध्यंतरानंतर

एकवीस वर्षं मी शुक्रवारचा पहिला खेळ पाहिला
आणि संध्याकाळी सहाच्या आत सहाशे शब्द दिले.
डेक्कनवरून स्कूटर, लक्ष्मी रोडला कार्यालय,
दुसऱ्या मजल्यावर कर्णिक, मान वर न करता:
"तारे किती?"
मजकूर नंतर. आधी तारे.
अर्धा तारा छापायची सोय नव्हती,
त्यामुळे पुष्कळांना मी अर्ध्याने बुडवलं,
काहींना अर्ध्याने तारलं,
बहुतेक वेळा डबा खायचा राहिलेला असताना.

माझं एक वाक्य ठरलेलं होतं:
मध्यंतरानंतर चित्रपट रेंगाळतो.
टाइप करणाऱ्या सुर्व्यांना ते पाठ होतं.
मी फोनवर "मध्यंतरा" म्हटलं
की पुढचं ते स्वतःच ठोकायचे.

सदर बंद झालं, त्या जागी फ्लॅटच्या जाहिराती आल्या.
निरोपाला मला तांब्याची पाटी मिळाली,
"निश्पक्ष लेखणीस".
ष च्या जागी श.
मी ती घेऊन तांबट आळीत गेले, दुरुस्त होते का बघायला.
भालचंद्र वडक्यांनी ती उजेडात धरली,
पालथी केली, मागून बोट फिरवलं.
"खोडता येत नाही, बाई. ठोकलंय."

एवढंच. बाकी सगळं त्यानंतरचं:
फंडातून काढलेले पैसे, जुना कॅमेरा,
भवानी पेठेतला अर्शद तांबोळी, ज्याला लग्नांच्या शूटिंगचा कंटाळा आला होता.

पहिल्याच दिवशी आवाजाने मार खाल्ला.
चार घरांत मठारकाम चालू, हंड्यांवर ठोक्याला लागून ठोका,
वडके बोलतात ते त्यातच.
हातोडी थांबवली तर त्यांचं बोलणंही थांबतं,
पुढचा शब्द सापडत नाही.
(कर्कश ध्वनी, पटकथेत विस्कळीतपणा:
हेही मी कितीदा लिहिलं असेल.)
मी म्हटलं, "एकदा परत दारातून आत याल?"
ते म्हणाले, "कशाला?
मी आतच आहे की."

पाचव्या महिन्यात इंदूबाई गेल्या.
कॅमेरा पिशवीत होता.
अर्शदने माझ्याकडे पाहिलं,
मी आत जाऊन चहा टाकला, अकरा जणांचा,
साखर कुठे असते ते मला
सकाळच्या शॉटमुळे माहीत होतं.

चौदाव्या दिवशी वडके पुन्हा खाली बसले.
एकच घंगाळ, एकच कडा,
चाळीस मिनिटं, तोंडातून शब्द नाही.
कर्वेनगरच्या खोलीत रात्री तीन वाजता
तो तुकडा मी अकरा मिनिटांवर आणला,
मग सातवर,
मग परत अकरावर.
अर्शद पेंगत म्हणाला, "मॅडम, रेंगाळतंय."
हो.
रेंगाळू दे.

नारायण पेठेतल्या छोट्या सभागृहात त्रेचाळीस माणसं आली,
त्यातले नऊ वडके.
सोमवारी एका मुलाने परीक्षण लिहिलं, एकशे दहा शब्द,
दोन तारे, माझं आडनाव चुकलेलं:
मध्यंतरानंतर चित्रपट रेंगाळतो.
छप्पन्न मिनिटांच्या चित्रपटाला मध्यंतर नसतं,
पण ते वाक्य मला ओळखीचं होतं,
मी त्याला पत्र लिहायला घेतलं
आणि "प्रिय" च्या पुढे काही सुचलं नाही.

वडक्यांना उजव्या कानाने मुळीच ऐकू येत नाही,
डाव्याने थोडं.
अख्खा चित्रपट त्यांनी फक्त पाहिला.
दिवे लागल्यावर बराच वेळ खुर्चीतच,
मांडीवर टोपी.
मी वाट पाहत उभी, जसे कधीकाळी
माझ्यासमोर दिग्दर्शक उभे राहायचे.
शेवटी म्हणाले,
"उजवा अंगठा फार म्हातारा दिसतो हो.
आधी सांगायचं नाही का?"